मारेकऱ्याचा विलाप

शोकाचा श्लोक झाला ही गोष्ट आपल्याकडे शाळकरी पोरालाही ठाऊक असते. तमसेचा काठ, क्रौंचांची जोडी, व्याधाचा बाण, खाली कोसळलेला नर आणि त्याच्याभोवती आक्रोश करणारी मादी. हे पाहून ऋषीच्या तोंडून शाप बाहेर पडला आणि त्या शापालाच छंद सापडला. आदिकाव्याचा जन्म असा झाला. ही कथा मी प्रथम ऐकली तेव्हापासून एक शंका माझ्या मनात घर करून बसलेली आहे. त्या व्याधाचे पुढे काय झाले? रामायणकाराला त्याच्याशी कर्तव्य नाही. शाप घेऊन तो झाडीत नाहीसा होतो तो कायमचा. बाण त्याचा, मरण पक्ष्याचे, आणि शोक करण्याचा मान मात्र पाहणाऱ्याला. समजा, त्या रात्री झोपडीत बसून व्याधालाच काही सुचले असते, तर त्याला आपण श्लोक म्हटले असते काय?

ह्या शंकेला जवळ जाणारे असे काही मला सापडले ते एका अशा देशाच्या इतिहासात, की जो देश कोणत्याही नकाशावर नाही. तो इतिहास एका इंग्रज प्राध्यापकाने सुमारे सत्तावन वर्षे खपून लिहिला, आणि तरीही तो पुरा झाला नाही. जे. आर. आर. टॉल्किन हे त्याचे नाव. ऑक्सफर्ड विद्यापीठात तो 1925 पासून 1945 पर्यंत अँग्लो-सॅक्सन भाषेचा प्राध्यापक होता. 1937 मध्ये त्याने 'द हॉबिट' प्रसिद्ध केले, 1954 आणि 1955 मध्ये 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चे तीन खंड आले, आणि जगाला तो मुख्यतः त्यांच्यामुळे माहीत झाला. परंतु त्याचा जीव गुंतला होता तो त्याहूनही जुन्या युगांच्या कथांत. त्या कथा त्याच्या हयातीत छापल्या गेल्या नाहीत. 1973 च्या सप्टेंबरात तो वारला. चार वर्षांनी, 1977 मध्ये, त्याचा मुलगा ख्रिस्तोफर याने कागदांच्या ढिगाऱ्यातून निवड करून 'द सिल्मरिलियन' हा ग्रंथ सिद्ध केला. मी बोलणार आहे तो विलाप ह्या ग्रंथात आहे. 'आहे' असे म्हणणेही धाडसाचेच आहे. त्याचे फक्त नाव आहे. नोल्दोलान्ते, म्हणजे नोल्दोरांचे पतन.

कथा थोडक्यात सांगतो. नोल्दोर हे दीर्घायुषी, कलावंत, अभिमानी असे एक कुळ. त्यांचा राजपुत्र फेआनोर याने सिल्मरिल नावाची तीन रत्ने घडविली होती. मेल्कोर नावाच्या दुष्ट शक्तीने फेआनोरच्या बापाला मारून ती पळविली. फेआनोर आणि त्याचे सात मुलगे यांनी शपथ घेतली, की रत्ने ज्याच्या हाती असतील त्याचा, मग तो कोणीही असो, आम्ही पिच्छा पुरवू. शत्रू समुद्रापलीकडे गेला होता. नोल्दोरांजवळ गलबते नव्हती. ती होती तेलेरींजवळ. तेलेरी म्हणजे त्यांचेच भाऊबंद, किनाऱ्यावर राहणारे, गाण्यात आणि गलबतांत रमलेले लोक. आल्क्वालोंदे हे त्यांचे बंदर, हंसांचे बंदर, आणि गलबतेही हंसाच्या आकाराची, शुभ्र. त्यांच्या राजाने, ओल्वेने, नकार दिला. तो म्हणाला ते मोठे मार्मिक आहे. तुम्हाला जशी तुमची रत्ने तशी आम्हाला ही गलबते. मनाने एकदा घडविलेली वस्तू पुन्हा घडविता येत नाही. रत्नांसाठी वेडापिसा झालेल्या माणसाला हे सर्वांत आधी कळायला हवे होते. त्याने रात्री गलबते बळाने घ्यायला सुरुवात केली. तेलेरींनी तीन वेळा त्यांना मागे रेटले. तेवढ्यात नोल्दोरांची दुसरी तुकडी येऊन पोहोचली. आपल्या माणसांवर हल्ला झाला आहे असे समजून, कारण काय हे न विचारता, तीही तुटून पडली. पुष्कळ खलाशी त्या धक्क्यावर मेले. त्यांना मारणाऱ्यांपैकी कित्येकांना आपण का मारतो आहोत हेही ठाऊक नव्हते.

इंग्रजीत ह्या प्रसंगाला जो शब्द आहे त्याचा अर्थ स्वजनहत्या. आपल्याकडे त्याहून घरगुती शब्द आहे, भाऊबंदकी. मराठी माणसाला तो समजावून सांगावा लागत नाही. 30 ऑगस्ट 1773 रोजी शनिवारवाड्यात नारायणरावाचा खून झाला, आणि अमावास्येच्या रात्री काकाला हाक मारणारा आवाज तिथे ऐकू येतो ही समजूत पुणेकरांनी पिढ्यान्‌पिढ्या जपली. लोकांच्या स्मरणात जी राहिली ती मरणाऱ्याची हाक. काकाने पुढे कधी काही गायिल्याची समजूत कोणीही जपलेली नाही.

नोल्दोरांच्या इतिहासात मात्र काका गातो. फेआनोरचा दुसरा मुलगा मॅग्लॉर हा त्या कुळातला सर्वांत मोठा गायक. आल्क्वालोंदेच्या धक्क्यावर तो होता. पुढे पलीकडच्या तीरावर बापाने ती चोरलेली गलबते जाळून टाकली. तेव्हा थोरला भाऊ माएद्रोस तेवढा बाजूला उभा राहिला असे ग्रंथ सांगतो. म्हणजे मॅग्लॉर बाजूला उभा नव्हता. आणि ह्याच मॅग्लॉरने नोल्दोलान्ते रचले. ग्रंथकार त्या रात्रीची हकीकत चार-दोन परिच्छेदांत आटोपतो आणि एवढेच सांगतो, की ह्याहून अधिक वृत्तांत मॅग्लॉरने नाहीसा होण्यापूर्वी रचलेल्या त्या विलापात आहे. संपले. त्यातली एकही ओळ तो देत नाही.

आमच्या इतिहाससंशोधकांना मिती नसलेला कागद हाती आला म्हणजे कसा चेव चढतो ते मी पाहिले आहे. मलाही तसेच झाले. हा विलाप रचला केव्हा? 'नाहीसा होण्यापूर्वी' ह्या शब्दांवरून फक्त शेवटची मर्यादा कळते. मॅग्लॉरचा शेवट असा: युगाच्या अखेरीस दोन रत्ने त्या दोघा उरलेल्या भावांच्या हाती आली, पण त्यांच्या हातांनी एवढे रक्त सांडले होते की रत्नांनी ते हात पोळले. माएद्रोसने धगधगत्या दरीत उडी घेतली. मॅग्लॉरने रत्न समुद्रात भिरकावले, आणि तेव्हापासून तो किनाऱ्याकिनाऱ्याने वेदनेने आणि पश्चात्तापाने गात हिंडतो. त्याच्या मरणाची नोंद नाही.

आता आल्क्वालोंदे आणि हा शेवट यांच्या दरम्यान शतके आहेत, आणि त्या शतकांत ह्याच भावांनी, त्याच शपथेपायी, आणखी दोनदा स्वजनांवर तलवार चालविली आहे. एकदा दोरिआथच्या राज्यावर, आणि दुसऱ्यांदा सिरिओन नदीच्या मुखाशी आसऱ्याला आलेल्या निर्वासितांवर. मॅग्लॉर दोन्ही वेळा होता. मग विलाप पहिल्या हत्येनंतर लगेच रचला, की तिसरीनंतर? नावात 'पतन' आहे. एका रात्रीच्या गोष्टीला असे नाव कोणी देणार नाही, तेव्हा तो उशिराचा असावा, असा एक तर्क. पण शोकगीताला स्वतःचे नाव पुष्कळदा मागाहून मिळते. माझा कल दुसरीकडे आहे. मला वाटते की त्याने तो लवकर रचला, लोकांनी तो ऐकला, तो स्वतःही तो गात असे, आणि त्यानंतर तो पुन्हा तलवार घेऊन गेला. पुरावा मागाल तर माझ्याजवळ एवढाच आहे, की सिरिओनच्या संहारानंतर त्याने तिथली दोन लहान पोरे, एल्रोंद आणि एल्रोस, जवळ केली, त्यांना वाढविले, आणि त्यांच्यात माया जडली असे ग्रंथात म्हटले आहे. ज्यांचे घर आपण उद्ध्वस्त केले त्यांच्या पोरांना घास भरविणारा हा माणूस नुकताच पाझरला असे मला वाटत नाही. तो आधीपासून तसाच होता. त्याला कळत होते. विलापाने त्याला अडविले नाही, इतकेच.

हे मान्य करणे मला जड गेले. काव्यामुळे माणूस निवळतो असे आम्ही धरून चाललेलो असतो.

इथे मला आमच्या गावची एक गोष्ट सांगितल्यावाचून पुढे जाता येत नाही. मी नऊ-दहा वर्षांचा असेन. बांधावरून दोन चुलतघरांत मारामारी झाली आणि एक तरणा मुलगा गेला. ज्याने मारले तो शिक्षा भोगून बऱ्याच वर्षांनी परत आला. आला तो मुका होऊन आल्यासारखा. एकादशीला देवळात भजन असे. तो येऊन अगदी मागे, खांबाला टेकून बसे. त्याचा गळा गोड आहे हे सगळ्या गावाला माहीत होते. एका एकादशीला बुवांनी मागे पाहून त्याला खूण केली आणि त्याने अभंग उचलला. मेलेल्या मुलाचा भाऊ पुढच्या रांगेत होता. त्याने टाळ खाली ठेवले आणि तो उठून चालता झाला. मेलेल्या मुलाची आई बायकांत बसली होती. ती उठली नाही. आरती होईपर्यंत बसली, आणि कापूर घेऊन घरी गेली. ह्या दोघांपैकी कोणाचे बरोबर, हे मला त्या रात्री कळले नाही आणि आजही सांगता येत नाही. पण नोल्दोलान्तेचे नाव वाचले तेव्हा मला पहिल्याने आठवले ते खाली ठेवलेले टाळ.

टॉल्किनला हे सुचले कुठून? सहज उत्तर असे, की त्याने युद्ध पाहिले होते. ते खोटे नाही. बापाचे छत्र चौथ्या वर्षी गेले, आई बाराव्या वर्षी गेली. शाळेतल्या तीन मित्रांचा जो लहानसा कंपू झाला तेच त्याचे घर. 1 जुलै 1916 रोजी, सोमच्या लढाईच्या पहिल्याच दिवशी, त्यांपैकी रॉबर्ट गिल्सन पडला. त्याच वर्षी 3 डिसेंबरला जेफ्री स्मिथ गोळ्याच्या तुकड्यांनी झालेल्या जखमांनी गेला. त्याआधी त्याने टॉल्किनला लिहिले होते, की मी उरलो नाही तर मला जे सांगायचे होते ते तू सांग. टॉल्किन खंदकातल्या तापाने आजारी पडून नोव्हेंबरात मायदेशी परतला होता, म्हणून वाचला. स्मिथच्या कवितांचे पुस्तक त्याने 1918 मध्ये बाहेर काढविले, आणि 1965 मध्ये, जवळजवळ पन्नास वर्षांनंतर, प्रस्तावनेत लिहून ठेवले की 1918 पर्यंत एक सोडून माझे सगळे जिवलग मेले होते. त्याच्या कथांचा पहिला मोठा तुकडाही त्या आजारपणाच्या काळातलाच आहे. तरीपण आल्क्वालोंदे म्हणजे सोम असे समीकरण मी मांडणार नाही. असल्या समीकरणांचा त्याला स्वतःला तिटकारा होता. शिवाय सोमवर मेलेल्यांचा शोक मित्राने केला, मारणाऱ्याने नव्हे.

मला त्याचे मूळ त्याच्या पोथ्यांत दिसते. 'बेओवुल्फ' हे जुन्या इंग्रजीतले तीन हजारांवर ओळींचे काव्य तो जन्मभर शिकवीत होता. त्याची एकच हस्तलिखित प्रत उरली आहे, ती सन 1000 च्या आसपासची, आणि 1731 च्या आगीत तीही होरपळली. ह्या काव्यात हिल्डेबुर्ग नावाची एक राणी येते. डेन लोकांची लेक, फ्रिझियन राजाला दिलेली. माहेर आणि सासर यांत कापाकापी होते. एका बाजूने भाऊ पडतो, दुसऱ्या बाजूने मुलगा. ती मामा-भाच्यांना एकाच चितेवर ठेवायला सांगते आणि गाऊन शोक करते. काय गाते? कवी सांगत नाही. काव्याच्या शेवटी बेओवुल्फच्या चितेपाशी एक स्त्री येते आणि पुढच्या दिवसांचे भय गाते. तेही शब्द नाहीत, आणि नेमके ते पान इतके खराब झाले आहे की पंडितांना अक्षरे अंदाजाने लावावी लागतात. असल्या पोथ्यांवर ज्याची दृष्टी घडली, त्याला हे ठाऊक होते की शोक जितका मोठा तितके त्याचे शब्द आधी हरवतात, आणि मागे उरते ती एवढीच बातमी, की कोणी तरी गायिले होते.

त्याच्या कादंबरीतही हे पुन्हापुन्हा दिसते. गँडाल्फ गेल्यावर वनातले लोक त्याच्यासाठी गातात, आणि लेगोलास त्या गीताचा अर्थ सोबत्यांना सांगायचे नाकारतो. दुःख अजून फार जवळ आहे, त्यावर रडायचे, गायचे इतक्यात नाही, असे त्याचे म्हणणे. वाल्मीकीला जे एका क्षणात साधले त्याला इथे वेळ लागतो. बोरोमिर पडतो तेव्हा दोघे मित्र पश्चिम, दक्षिण आणि उत्तर ह्या तीन वाऱ्यांना त्याची खबर विचारतात. पूर्वेच्या वाऱ्याचे कडवे कोणीच म्हणत नाही, कारण तो वारा शत्रूच्या मुलखातून येतो. राजा थेओदेनचे गीत रचणाऱ्या भाटाने त्यानंतर दुसरे गीत रचले नाही, असे एक वाक्य जाता जाता येते. वाचणारा पुढे निघून जातो आणि रात्री ते वाक्य त्याला आठवते.

नोल्दोलान्तेच्या विषयाला टॉल्किनने एकदा हात घातला होता हे मात्र नमूद केले पाहिजे. विशीच्या दशकात लीड्सला असताना त्याने नोल्दोरांच्या पलायनावर जुन्या इंग्रजी धाटणीच्या अनुप्रासी वृत्तात काव्य आरंभिले. ते 1985 मध्ये छापले गेले. दीडशे ओळीही पुऱ्या नाहीत. फेआनोर आणि त्याचे मुलगे शपथ घेतात आणि काव्य तिथेच तुटते. बंदर, गलबते, रक्त, यांपैकी कशापर्यंतही ते पोहोचत नाही. पुढे 1963 मध्ये त्याने एका पत्रात लिहिले, की दूर दिसणाऱ्या बेटाची मोहिनी तिथे जाऊन पोहोचल्याने नाहीशी होते. हे त्याच्या सगळ्या रचनेला लागू आहे. पण नोल्दोलान्तेच्या बाबतीत मला वाटते की त्याला तिथे जाता आले नाही. मारणाऱ्याने मारल्याचा शोक करायचा तर त्याचा सूर कोणता? थोडा उंच गेला तर समर्थन होते, थोडा खाली आला तर भीक होते.

भीक म्हटल्यावर आपल्या वाचकाला एकाचीच आठवण येईल. नर्मदेची परिक्रमा करून आलेल्यांच्या तोंडून मी लहानपणापासून ऐकत आलो आहे, की शूलपाणीच्या झाडीत अश्वत्थामा भेटतो आणि जखमेसाठी तेल मागतो. रात्री झोपलेली पोरे कापणारा हा ब्राह्मण. जन्माचा मणी त्याला द्यावा लागला, आणि तीन हजार वर्षे एकट्याने भटकण्याचा शाप मिळाला. रत्न, कधी न भरणारी जखम, पाण्याच्या काठाने न संपणारी वाट. मॅग्लॉर आणि तो यांत एवढे साम्य आहे की मी दचकलो. टॉल्किनने अश्वत्थामा वाचला होता असे मी म्हणत नाही. तसे म्हणायला मला काही आधार नाही. पण भेद पाहा. आमच्या लोकांनी अश्वत्थाम्याला गायला लावले नाही. त्याला तेल मागायला लावले, आणि परिक्रमावासीयाने ते द्यावे असे ठरवले. घेणारा मारेकरी आहे हे देणाऱ्याला माहीत असते. त्याच्या दुःखाचे सौंदर्य करायचे नाही, पण त्याला तेल नाकारायचेही नाही, असा हा व्यवहार. मला तो कमी वाटत नाही. कधी कधी अधिकच वाटतो.

टॉल्किनचे जग मात्र मुळातच गाण्यातून निघालेले आहे. सृष्टीच्या आधी देवतांचे संगीत झाले, आणि त्यातूनच सृष्टी उभी राहिली. त्या संगीतात मेल्कोरने विसंवाद घातला तेव्हा विधात्याने जी स्वरावली पुढे केली ती संथ आणि अपार दुःखाने भरलेली होती, आणि तिचे सौंदर्य मुख्यतः त्या दुःखातूनच आले होते. देवतांपैकी निएन्ना ही शोकाची देवी. संगीत चालू असतानाच तिचे गाणे विलापात बदलले, आणि अशा रीतीने जग होण्याआधीच जगात रडणे विणले गेले. ती स्वतःसाठी रडत नाही, जगाच्या प्रत्येक जखमेसाठी रडते. अशा जगात विलाप हा फुकट जाऊ शकत नाही. ल्यूथियन आपल्या मेलेल्या प्रियकरासाठी मृत्यूच्या देवापुढे गाते आणि त्याला पाझर फुटतो, त्याच्या आयुष्यात एकदाच. आमची सावित्री यमाला बोलण्यात जिंकते, ही गाऊन जिंकते. पण ल्यूथियनचे हात स्वच्छ होते.

आणि तेलेरींचे काय? ज्यांच्यासाठी हा विलाप, त्यांच्या कानावर तो कधी गेला काय? ग्रंथात त्याचा शब्दही नाही. एवढे मात्र आहे, की शतकांनंतर मेल्कोरविरुद्धच्या शेवटच्या युद्धात सैन्य न्यायला गलबते हवी होती, आणि ती पुन्हा तेलेरींकडेच मागावी लागली. हंसांच्या बंदरातली ती रात्र ते विसरले नव्हते. तरी त्यांनी गलबते दिली आणि ती हाकायला खलाशी दिले. पण त्या खलाशांपैकी एकानेही गलबतावरून उतरून पलीकडच्या भूमीवर पाय ठेवला नाही. ह्या वाक्यापाशी मला आमच्या देवळातले दोघेही दिसतात, उठून गेलेला भाऊ आणि बसून राहिलेली आई, आणि दोघे एकाच माणसात.

ख्रिस्तोफर टॉल्किनने 1983 पासून 1996 पर्यंत बापाच्या कागदांचे बारा खंड काढले. त्यांत नोल्दोलान्ते नाही. सूर तर नाहीच. सुराच्या दिशेने अगदी जवळ जायचे तर एक वाट आहे. डोनाल्ड स्वान या संगीतकाराने टॉल्किनच्या काही गीतांना चाली लावल्या. 1966 मध्ये टॉल्किन पतिपत्नींच्या विवाहाला पन्नास वर्षे झाली त्या समारंभात त्या गायिल्या गेल्या आणि पुढच्या वर्षी पुस्तकरूपाने निघाल्या. त्यांपैकी एकाच गीताची चाल टॉल्किनला पसंत पडेना. ते गीत गॅलाड्रिएलचे, समुद्रापलीकडच्या गमावलेल्या देशासाठी केलेले. तेव्हा त्याने स्वतः गुणगुणून दाखवले, ख्रिस्ती मठांतल्या जुन्या पठणासारखे, जवळजवळ एकाच सुरात, वाद्यावाचून चालणारे. स्वानने ते तसेच घेतले.

गॅलाड्रिएल बापाकडून नोल्दोर. तिची आई ओल्वेची मुलगी, म्हणजे आल्क्वालोंदे हे तिचे आजोळ. तिच्या गीताच्या पहिल्या ओळीत पाने गळतात, आणि तिथे जे क्रियापद आहे तेच नोल्दोलान्तेच्या नावातही आहे. माझ्या एका स्नेह्यांनी ती चाल मला पेटीवर वाजवून दाखवली. पेटी सुरात नव्हती. दोनदा ऐकली, आणि मग त्यांनी विचारले, हे कोणासाठी आहे?